‘जैविक’ पेस्ट कंट्रोल : पैसे नेमके कशाचे?

झुरळांसाठी ‘जैविक’ किंवा ‘हर्बल’ म्हणून जे विकलं जातं, ते पुष्कळदा साधं जेल असतं आणि त्यात फिप्रोनिल किंवा इमिडाक्लोप्रिड हे रसायनच असतं. जेल वाईट नाही. ट्रॉलीच्या बिजागऱ्यांत, सिंकखाली, फ्रिजमागे ठिपके लावले की काम होतं, भांडी बाहेर काढावी लागत नाहीत. फवारणीपेक्षा मी तेच सुचवीन. फक्त ‘जैविक’ या शब्दाचे जादा पैसे देऊ नका. पाकिटावरचं औषधाचं नाव वाचा आणि रंगीत त्रिकोण बघा: हिरवा सर्वांत सौम्य, मग निळा, पिवळा, आणि लाल सर्वांत जहाल.

पुण्या-मुंबईत दोन बेडरूमच्या घराला जेलचे साधारण १,००० ते १,८०० रुपये पडतात. दुसरी फेरी त्यातच धरलेली आहे ना, हे आधी विचारा. घरातल्या लहान तपकिरी झुरळाच्या एकेका अंडकोशात ३०-४० अंडी असतात आणि जेल अंड्यांना मारत नाही. दोन-तीन आठवड्यांनी कुणी फिरकलंच नाही, तर निम्मे पैसे वाया. जेल लावल्यावर त्यावर स्प्रे मारू नका. झुरळं मग ते खातच नाहीत.

वाळवीचा खर्च मोठा, आणि फसगतही इथेच जास्त. वाळवी बहुधा जमिनीतून येते, त्यामुळे नुसत्या चौकटीवर औषध मारून ती थांबत नाही. भिंत आणि फरशीच्या सांध्यात साधारण फूटभर अंतरावर १२ मिलिमीटरची भोकं पाडून औषध सोडावं लागतं. भारतीय मानक आयएस ६३१३ च्या तिसऱ्या भागात ही पद्धत दिली आहे. दर चौरस फुटाला साधारण ८ ते १५ रुपये. १० रुपयांनी ७०० चौरस फुटांचे ७,००० आणि १८ टक्के जीएसटी धरून ८,२६०. भोकं मोजून घ्या. हमी किती वर्षांची, हे बिलावर लिहून घ्या. कृषी विभागाचा परवाना दाखवायला सांगण्यात संकोच कसला?

खरं जैविक औषध म्हणजे मेटारायझियम ही बुरशी. किलोला साधारण २००-३०० रुपये. कुजलेल्या शेणखतात कालवून ओल्या मातीत दिली, तर बागेत, उसात उपयोगी पडते. कोरड्या भिंतीत तिच्यावर भरवसा ठेवू नका: बुरशीला ओल लागते, आणि वाळवी एकमेकींच्या अंगावरचे बीजाणू चाटून काढते, मेलेल्यांना मातीत गाडून टाकते.

मोठ्या तांबूस झुरळांचा एक शत्रू मात्र फुकट मिळतो. पोटाचा चिमुकला भाग झेंड्यासारखा हलवणारी काळी, निळसर डोळ्यांची माशी न्हाणीघराच्या खिडकीत दिसते. ती झुरळाच्या अंडकोशात अंडं घालते आणि तिची अळी आतली सगळी अंडी खाऊन टाकते. माणसाला ती काही करत नाही. तिला मारू नका.

मेटारायझियम बुरशीचं पाकीट घेताना उत्पादनाची तारीख बघा, उन्हात ठेवलेलं घेऊ नका, आणि बुरशीनाशकासोबत ते कधीच वापरू नका.