कंपनीचा स्वतःचा फॉन्ट : पैसे नेमके कशाचे?

वाहन कंपनीसाठी खास फॉन्ट करून घ्यायचा, तर कोटेशनमधला आकडा मुख्यतः लिप्या, वजनं (लाइट, रेग्युलर, बोल्ड) आणि हक्क यांवर ठरतो. नामांकित परदेशी फाउंड्रीकडे (फॉन्ट घडवणाऱ्या संस्थेकडे) रोमनची तीन-चार वजनं ढोबळमानाने पंधरा-वीस लाख रुपयांपासून सुरू होतात. लिप्या वाढल्या की कोटीचं नावही निघतं. सहा महिने ते वर्षभर धरून चाला.

मोठ्यांना हे परवडतं. मर्सिडीजसाठी कुर्ट वायडेमान यांनी सेरिफ, सॅन्स आणि इजिप्शियन असा तिहेरी संचच आखला होता. ऑडीने 2009 मध्ये डच फाउंड्री बोल्ड मंडेकडून 'ऑडी टाइप' करून घेतला. नव्या, छोट्या ई-स्कूटर कंपनीने मात्र आधी तयार फॉन्टचा परवाना घ्यावा आणि त्यातली दहा-बारा अक्षरं फाउंड्रीकडूनच बदलून घ्यावीत, असं माझं मत आहे. खर्च बराच खाली येतो. मुंबईच्या 'एक टाइप'चा 'मुक्त' तर फुकट आहे. पण त्याच्या खुल्या परवान्याची मेख अशी, की बदल करून वाटलेली आवृत्तीही खुलीच ठेवावी लागते. म्हणजे 'फक्त आमचा' हे विसरा.

देवनागरीचा दर वेगळा मागा. रोमनच्या एका वजनात तीनेकशे आकार पुरतात. जोडाक्षरं आणि रफार धरले की देवनागरीत ते सहज दुप्पट होतात. मराठी वळणाचे ल आणि श, 'ऱ्य', 'ॲ' हे करारात नावानिशी लिहून घ्या. नाहीतर चाकणच्या होर्डिंगवर हिंदी वळणाचा ल झळकेल.

डॅशबोर्डच्या पडद्यासाठी चाचणीचा खर्च वेगळा धरा, इथे काटकसर नको. एमआयटी आणि मोनोटाइप यांच्या 2012 च्या अभ्यासात चौकोनी वळणाऐवजी मोकळ्या, ह्युमनिस्ट वळणाचा फॉन्ट दिल्यावर पुरुष चालकांची नजर पडद्यावर 10.6 टक्के कमी वेळ राहिली. स्त्रियांमध्ये फारसा फरक दिसला नाही. चौकोनी अक्षरं 'गाडीसारखी' दिसतात खरी, पण ती वाचायची असतात धावत्या गाडीत.

हक्क कायमचे की पाच वर्षांचे, हे आधी विचारा. मुदतीचे हक्क बरेच स्वस्त पडतात. डीलर, जाहिरात संस्था, ॲप आणि गाडीतलं सॉफ्टवेअर या सगळ्यांचा वापर त्याच रकमेत बसवा. शेवटचा हप्ता मूळ, संपादन करता येणाऱ्या फायली आणि नवी अक्षरं घालण्याची लेखी मुभा मिळाल्यावरच द्या. 2010 मध्ये ₹ हे चिन्ह आलं, तेव्हा ते आधीच्या फॉन्टांत नव्हतंच.