टीटीला उतरा

१९८६ साली लग्न होऊन दादरला आले. घर तिसऱ्या मजल्यावर, गॅलरी थेट चौकावर. इतकी वर्षं एकाच चौकाकडे बघत बसलं की माणसाला चार गोष्टी कळत असतील, अशी माझी समजूत होती. कळल्या, पण ज्या कळायला हव्या होत्या त्या फार उशिरा.

१. पाटीवरचं नाव पत्रापुरतं, पोचवणारं नाव वेगळंच असतं. लग्नाआधी घर बघायला येणार होतो तेव्हा सासऱ्यांनी पोस्टकार्डावर लिहिलं होतं, 'टीटीला उतरा.' आम्ही साताऱ्याची माणसं. टीटी म्हणजे रेल्वेतला तिकीट तपासणारा, एवढंच मला ठाऊक. एसटीत आईला विचारलं, 'एवढ्या मुंबईत त्याचं घर कुणाला माहीत असणार?' टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस, हे सासऱ्यांनी नंतर हसू दाबत सांगितलं. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४च्या रात्री बोरीबंदरहून निघाली ती इथे येऊन थांबली. कागदोपत्री चौक खोदादाद सर्कल. नव्या नवरीला शुद्धतेचा सोस. मी टॅक्सीत बसून ठासून 'खोदादाद सर्कल' म्हणायची. टॅक्सीवाला मान वळवून विचारायचा, 'म्हणजे टीटी ना?' आताच्या टॅक्सीवाल्याच्या बापानंही ट्राम पाहिली नसेल. टर्मिनस मात्र चालूच आहे.

२. हॉर्न दुसऱ्याचाच कर्कश असतो. २०१९च्या अखेरीस मुंबई पोलिसांनी काही सिग्नलना आवाज मोजणारी यंत्रं लावून पाहिली. त्यात आमच्या शेजारचा हिंदमाताही होता. गोंगाट ८५ डेसिबलच्या वर गेला की लाल दिव्याचे आकडे पुन्हा पहिल्यापासून सुरू! त्याचा व्हिडिओ आला तेव्हा मी तो समस्त नातेवाइकांना धाडला, वर 'अश्शी खोड मोडायला हवी' अशी मल्लिनाथी. दोनच आठवड्यांनी एका साखरपुड्याला उशीर होत होता आणि आम्ही हिंदमात्यालाच अडकलो. टॅक्सीवाला बिचारा गप्प बसला होता. 'अहो, वाजवा की जरा,' हे माझ्याच तोंडून निघालं. शेजारी बसलेल्या ह्यांनी एक शब्द न बोलता मोबाइल काढला आणि तो व्हिडिओ माझ्या नाकासमोर धरला.

३. परोपकार करतानाही कपबश्यांचा हिशेब सुटत नाही. २६ जुलै २००५. सांताक्रूझला त्या दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. फोर्टकडून निघालेली माणसं आंबेडकर रोडनं पाण्यातून उपनगरांकडे चालत होती. आमच्या जिन्यात पंधरावीस जण टेकले होते. मी रात्रभर चहा केला, आणि हे आजवर कितीतरी जणांना सांगितलंय. त्याआधी लग्नातला चिनी मातीचा सेट पलंगाखाली सारून ठेवला होता, हे पहिल्यांदाच सांगते.

४. रस्ता एका रात्रीत रुंद होतो. माझा झाला, गुडघ्याच्या ऑपरेशननंतर. आमच्या भागातले रस्ते मुळात ऐसपैस. १८९६च्या प्लेगनंतर सरकारनं सुधारणा मंडळ नेमलं. त्यानं दादर-माटुंग्याच्या वसाहती आखताना घरांना हवा-उजेड मिळावा म्हणून जागा सढळ हातानं सोडली. फुप्फुसांचा विचार झाला, गुडघ्यांचा राहिला. इंजिनियर पुतण्यानं सांगितलं, पायी चालणारा सेकंदाला १.२ मीटर जातो असं धरून सिग्नलची वेळ काढतात. काठी घेऊन मी त्याच्या निम्मीही जात नव्हते. हिरवा माणूस लुकलुकायला लागला तेव्हा मी जेमतेम दुभाजकापर्यंत आले होते. दोन्हीकडून बसगाड्या, डोक्यावर उड्डाणपूल, आणि मधे मी, कोपऱ्यात विसरलेल्या छत्रीसारखी. पुढचा हिरवा लागल्यावर पलीकडची गजरेवाली आली, माझा दंड धरून मला पार नेलं आणि स्वतःच्या स्टुलावर बसवलं. 'तिसऱ्या मजल्याच्या ना तुम्ही?' ती म्हणाली. 'महिनाभर कपडे दुसरंच कुणीतरी वाळत घालतंय. म्हटलं, मावशींना काय झालं?' कपडे ह्यांनी वाळत घातले होते. गॅलरीतून चौक मी बघते, असा माझा इतकी वर्षं थाट होता. तिचं नाव मला त्या दिवशी विचारावं लागलं.

५. ज्याचा पत्ता आपल्याला सांगता येत नाही, त्याच्या शेजारी राहतो असं म्हणू नये. कित्येक वर्षं पाच डिसेंबरला आम्ही साताऱ्याला निघून जायचो. 'सहा तारखेला फार गर्दी असते,' असं सांगायचं. लालबागच्या रांगेत सात-सात तास उभं राहणारी मी! हा फरक मला कुणी दाखवला नाही आणि मीही तो शोधायला गेले नाही. एका वर्षी ह्यांना ताप होता म्हणून राहावं लागलं. औषधं आणायला खाली उतरले. चैत्यभूमीहून परतणारी माणसं टिळक पुलावरून येत होती. शिवाजी पार्कावर घेतलेल्या पुस्तकांच्या पिशव्या हातात, काहींच्या तर डोक्यावर. नांदेडकडची एक बाई थांबली, बरोबर दोन मुलं. 'बाई, राजगृह कुणीकडं हाय?' मी ठामपणे हात केला. औषधं घेऊन परत येते तर ते तिघं पुन्हा त्याच कोपऱ्यावर उभे. मी चुकीचं सांगितलं होतं.

हिंदू कॉलनी आमच्यापासून चार पावलांवर. माझी लाँड्री तिथे, दाताचा डॉक्टर तिथे, मुलाची शिकवणी तिथेच होती. आणि डॉ. आंबेडकरांनी आपल्या ग्रंथसंग्रहाला पुरेल असं बांधून घेतलेलं घर मी कधी मान वर करून पाहिलं नव्हतं. ओशाळून त्यांच्याबरोबर निघाले खरी, पण रस्ता तिच्या थोरल्यानंच एका पोलिसाला विचारून काढला. दाराशी पोचल्यावर तिनं चपला काढल्या, पोरांना काढायला लावल्या. मी काढाव्यात की नाही, मला ठरवता येईना. परतताना ती म्हणाली, 'तुमचं बरंय बाई, येताजाता दिसतंय.'

मी 'हो' म्हणाले.

आता तो पत्ता मला नीट सांगता येतो. कधी दादरला आलात आणि राजगृहाला जायचं असलं, तर खालून हाक मारा, तिसरा मजला. गजरेवालीला विचारलंत तरी चालेल. उतरायचं मात्र टीटीलाच.