वाळूतली मोटार

कोकणातले पुष्कळ लोक नोकरीसाठी आखाती देशांत जातात. या धड्यातले मामा कतार देशात १२ वर्षे पाहुण्यांची मोटार चालवीत होते. आता त्यांचा भाचा त्याच कामाला निघाला आहे.

भाच्याने विचारले, "मामा, पाहुण्यांना कुठे न्यायचं असतं?"

मामा म्हणाले, "खोर अल उदैदला. तिथे समुद्र वाळूच्या टेकड्यांत आत शिरला आहे. तिथवर सडक नाही. उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो."

"वाळूत मोटार रुतत नाही?"

"रुतते की! म्हणून आधी टायरची थोडी हवा सोडायची. टायर पसरतो, भार वाटला जातो. परत सडकेवर आलास की आधी हवा भर. नाहीतर टायर तापून फुटेल.

"वाळूपेक्षा सबखा वाईट. ती किनाऱ्याजवळची खारी जमीन. वर मिठाचा कोरडा पापुद्रा, खाली चिखल. मोटार पोटापर्यंत बुडते. म्हणून जुनी चाकोरी सोडू नकोस. चाकोरी सोडली, की झुडपंही चिरडतात. तिथे एक झुडूप वाढायला फार काळ लागतो.

"एकदा एक पाहुणा म्हणाला, 'पाण्याच्या कडेने चल, बक्षीस देतो.' भरती चढत होती. मी नाही म्हटलं. तो रागावला, बक्षीसही गेलं. पण थोड्या वेळाने मागे पाहिलं, तर त्या वाटेवर पाणी होतं."

भाचा गप्प झाला. मग म्हणाला, "आणि ऊन?"

"समुद्राजवळ हवा दमट. घाम वाळत नाही, अंग निवत नाही. म्हणून उन्हाळ्यात भर दुपारी जायचंच नाही. दोन मोटारी बरोबर न्यायच्या. पाणी भरपूर घ्यायचं. परतायची वेळ मागे सांगून ठेवायची. मोटार बंद पडली, तर तिला सोडून चालत निघू नकोस. लांबून मोटार दिसते, माणूस दिसत नाही.

"कुणी बरळू लागला, तर ऊन लागलं असं समज. त्याला सावलीत ने. अंगावर पाणी ओत, वारा घाल, लगेच दवाखान्याला कळव. शुद्ध नसेल, तर तोंडात पाणी घालू नकोस."

भाच्याने वही काढली. मामा म्हणाले, "लिहून घे. मला हे सांगणारं कुणी नव्हतं."

सांगा पाहू :
१. वाळूत शिरण्याआधी टायरची हवा का कमी करतात?
२. मामांनी बक्षीस का सोडले?
३. मोटार बंद पडली, तर काय करू नये?