रुजू झाल्याची तारीख

चाळीसगावच्या लक्ष्मीनारायण गिरणीच्या भोंग्यावर आप्पांचं आयुष्य गेलं. 1974 साली आजारी कापड गिरण्यांच्या राष्ट्रीयीकरणाचा कायदा आला आणि देशातल्या 103 गिरण्या सरकारने घेतल्या. त्यांत ही गिरणी होती, धुळ्याची न्यू प्रतापही होती. मालक बदलला, पण आप्पांची नोकरी तुटली नाही. गिरणीचा कामगार राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाचा कामगार होईल आणि त्याचे हक्क कायम राहतील, असं त्या कायद्यातच लिहिलेलं होतं.

घरात तीच समजूत रुजली. मालक कोणीही येवो, कायदा सांभाळून घेतो!

आप्पांचा मुलगा, ज्याला गल्ली अण्णा म्हणते, एका सरकारी कंपनीत 22 वर्षं तंत्रज्ञ होता. त्याचा विभाग खासगी कंपनीने विकत घेतला. एका दुपारी सगळ्यांना हॉलमध्ये बोलावून एकेक पत्र हातात दिलं. सही केली की पुढच्या महिन्यापासून नव्या कंपनीचा पगार. अण्णाने पगाराचा आकडा पाहिला, तो जुन्याइतकाच होता, आणि सही करून टाकली. वर, नावाखाली, ‘रुजू दिनांक’ अशी बारीक ओळ होती. तिथे हस्तांतराच्या दिवसाची तारीख होती.

तीन वर्षांनी विभाग बंद झाला. भरपाई निघाली ती दर वर्षाला 15 दिवसांच्या पगाराने, तीन वर्षांची. म्हणजे 45 दिवस. जुनी नोकरी धरली असती तर 25 वर्षांचे 375 दिवस झाले असते. ‘ती ओळ मी वाचलीच नाही,’ अण्णा अजून सांगतो, आणि सांगताना त्याचा आवाज खाली जातो. कामगार आयुक्तांपुढे त्याला तारलं ते बायकोने पत्र्याच्या पेटीत जपलेल्या जुन्या पगारपत्रकांनी आणि भविष्य निधीच्या पावत्यांनी. तरी तडजोडीत पूर्ण हिशेब मिळाला नाही.

म्हणून आता तो भेटेल त्याला आधी एकच विचारतो: तुमच्या कंपनीचे शेअर विकले, की तुमचा विभागच उचलून दुसऱ्या कंपनीला दिला? शेअर विकले तर कागदोपत्री कंपनी तीच राहते आणि नोकरी पुढे चालू राहते. विभागच दिला तर मालक खरोखर बदलतो. अशा वेळी 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यातलं कलम 25 एफएफ कामाला यायचं. सेवा अखंड धरली, अटी पूर्वीपेक्षा वाईट नाहीत, आणि पुढे कपात झाली तर जुनी वर्षं मोजून भरपाई द्यायला नवा मालक बांधील आहे, या तिन्ही गोष्टी असतील तरच हस्तांतराच्या वेळी भरपाई नाही. यातली एक जरी नसली तर कामगाराला ती जुन्या मालकाकडून मागता येते. 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेतही ही तरतूद आहे. भविष्य निधीच्या हस्तांतराच्या तारखेपर्यंतच्या थकबाकीला तर जुना आणि नवा, दोघेही जबाबदार असतात.

शेअर विकले म्हणून निर्धास्त राहावं, असंही नाही. एअर इंडिया 27 जानेवारी 2022 ला टाटांकडे गेली. पहिलं वर्षभर कोणाला काढायचं नाही, ही अट होती. पण पगार आणि बढतीबद्दल कर्मचाऱ्यांनी दहा-दहा वर्षांपूर्वी मुंबई उच्च न्यायालयात केलेल्या रिट याचिका तशाच पडून होत्या. कंपनी सरकारी उरली नाही, त्यामुळे तिच्याविरुद्ध रिट चालणार नाही, असं उच्च न्यायालयाने 2022 मध्ये म्हटलं आणि 16 मे 2024 ला सर्वोच्च न्यायालयाने ते कायम केलं. दुसऱ्या योग्य न्यायपीठाकडे जायची मोकळीक ठेवली, पण तोवर माणसं निवृत्त झालेली. विक्रीच थांबवू म्हणावं, तर बाल्को या सरकारी ॲल्युमिनियम कंपनीच्या विक्रीच्या खटल्यात 2001 मध्येच सर्वोच्च न्यायालयाने तो धोरणाचा प्रश्न ठरवलेला आहे. तक्रार असेल तर ती विक्रीची कुणकुण लागताच, लेखी, पोच घेऊन करावी, असं अण्णा कळकळीने सांगतो.

वीज कर्मचाऱ्यांची गोष्ट थोडी बरी आहे. 2005 साली महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाच्या चार कंपन्या झाल्या, तेव्हा 2003 च्या वीज कायद्यातलं कलम 133 हाताशी होतं. हस्तांतरानंतरच्या अटी आधीपेक्षा कमी प्रतीच्या नकोत, असं ते स्पष्ट सांगतं.

परवा संध्याकाळी गल्लीतला एक पोरगा असंच पत्र घेऊन आला. अण्णाने चष्मा लावला, पगाराचा आकडा ओलांडून बोट वर नेलं आणि विचारलं, ‘तू कामाला कधी लागलास रे?’