जन्मस्थळ कसे लिहावे?



आपल्या घरांतील मुले आता थोरांची चरित्रे आणि स्मरणिकांसाठी परिचय लिहू लागली आहेत. परिचयाच्या पहिल्याच ओळीत जन्मस्थळ येते, आणि पुष्कळदा चूकही तेथेच होते. म्हणून आजचा हा पाठ.

माझ्या शाळेच्या दाखल्यावर जन्मस्थळ म्हणून आमचे मूळ गाव लिहिलेले आहे. प्रत्यक्षात मी आईच्या माहेरी जन्मलो. नाव घालताना वडिलांना विचारले गेले, "गाव कोणते?" त्यांनी खरे तेच सांगितले. चुकला तो प्रश्न.

पहिला नियम : मूळ गाव आणि जन्मस्थळ यांची गल्लत करू नका. बाबासाहेबांचे मूळ गाव आंबडवे, तालुका मंडणगड, जिल्हा रत्नागिरी. परंतु त्यांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला, कारण वडील सुभेदार रामजी सैन्यातील नोकरीमुळे तेथे होते. दोन्ही गावे लिहा, पण आपापल्या जागी.

दुसरा नियम : जन्माच्या वेळची स्थिती आधी, आजची कंसात. १८९१ साली मध्य प्रदेश हे राज्यच नव्हते. ते १ नोव्हेंबर १९५६ रोजी झाले. 'मध्य प्रांत' असे लिहिणेही चूक, कारण तो प्रांत वेगळा. महू ही इंदूर संस्थानच्या मुलखातील इंग्रजांची लष्करी छावणी होती. २००३ साली तिला डॉ. आंबेडकर नगर हे नाव मिळाले. म्हणून असे लिहावे : 'जन्म : महू छावणी, इंदूर संस्थान (आज डॉ. आंबेडकर नगर, मध्य प्रदेश)'. त्याचप्रमाणे १९४० साली औरंगाबादेत जन्मलेला माणूस महाराष्ट्रात नव्हे, निजामाच्या हैदराबाद संस्थानात जन्मला.

तिसरा नियम : पुरावा पाहा. भगवान बुद्ध कपिलवस्तूत जन्मले असे काहीजण लिहितात. कपिलवस्तूत ते वाढले, जन्म लुंबिनीचा. सम्राट अशोक राज्याभिषेकानंतर विसाव्या वर्षी तेथे गेला आणि शाक्यमुनी बुद्ध येथे जन्मले असे शिलास्तंभावर कोरवून त्याने त्या गावाचा कर कमी केला. तो लेख १८९६ साली उजेडात आला. लिहिताना 'लुंबिनी, शाक्यांचा प्रदेश (आज नेपाळ)' असे लिहावे. पुरावा नसेल तेथे जागा कोरी ठेवा, अंदाज लिहू नका.

कोणी म्हणेल, जन्मावरून माणूस उच्च-नीच ठरत नाही ही तथागतांची शिकवण. मग जन्मस्थळाची एवढी चिकित्सा कशाला? जन्मस्थळाने मोठेपणा येत नाही हे खरेच. पण आपल्या आज्यापणज्यांचे जन्म कोणी नीट टिपून ठेवले नाहीत. आज लेखणी आपल्या हाती आहे. ती खोटे लिहिणार नाही, एवढे आपण पाहिले पाहिजे.

स्वाध्याय : आज रात्री घरातील सर्वांत वडीलधाऱ्या माणसाजवळ वही घेऊन बसा. "गाव कोणते?" असे विचारू नका. "आजी, तुझा जन्म कोठे, कोणाच्या घरी झाला?" असे विचारा. उत्तर मिळेल तसेच लिहून ठेवा.