मालिशचा व्यवसाय: कागद कोणते, पैसे किती

स्वारगेटला एसटी स्टँडसमोर रसवंतीच्या आडोशाला उभ्या राहून मावशींनी पिशवीतून एक कार्ड काढलं. आधी पदराला हात पुसले, मग काढलं. लॅमिनेट केलेलं, सोनेरी कडांचं. एका कोपऱ्यात त्यांचा फोटो, दुसऱ्या कोपऱ्यात लांबून राजमुद्रा वाटेल असं कसलंसं चित्र. वर इंग्रजीत ‘लायसन्स्ड मसाज थेरपिस्ट’, खाली गोल शिक्का, मुदत एक वर्ष. “ताई, अकरा हजार दिले होते याचे. आता मुदत संपली म्हणून रोज फोन येतोय. साडेतीन हजार भरा, नाहीतर पोलीस उचलतील म्हणतात. भरू का?”

मावशी पर्वती पायथ्यापासून मुकुंदनगरपर्यंत घरोघरी जाऊन बाळंतिणींना आणि बाळांना तेल लावतात, न्हाऊ घालतात, शेक-धुरी करतात. एका घरी सव्वा महिना, की पुढचं घर. आता गुडघे बोलायला लागलेत, तेव्हा भाचीला हाताशी धरून एक खोली भाड्याने घ्यायची आणि बायकांना तिथेच बोलवायचं असा त्यांचा बेत आहे. त्या बेतातच हे कार्ड त्यांच्या गळ्यात पडलं.

मी कार्ड उलटून पाहिलं. कुठल्या कायद्याखाली दिलं, याचा एक शब्द नव्हता.

तर पहिली गोष्ट सरळ सांगते. महाराष्ट्रात मालिश करणाऱ्या माणसासाठी राज्य सरकारचं लायसन नावाची चीज नाही. नाही, म्हणून ते काढायचं नाही आणि त्याचं नूतनीकरणही करायचं नाही. अमेरिकेत ते आहे. टेक्सासमध्ये ५०० तासांचं शिक्षण, न्यूयॉर्कमध्ये १,००० तासांचं, वर परीक्षा, आणि ठरावीक वर्षांनी नूतनीकरण. टेक्सासमध्ये दर दोन वर्षांनी १२ तासांचं नवं शिक्षण दाखवावं लागतं. तिथल्या ‘लायसन्स्ड’ या शब्दामागे राज्याचा कायदा उभा असतो. आपल्याकडे तो शब्द तेवढा उचलून कार्डावर छापला जातो. आणि इथल्या कार्डावर तिकडे काम मिळेल असं कुणी सांगत असेल, तर तेही खरं नाही. त्या त्या राज्याची अट तिथेच पुरी करावी लागते.

मग आपल्याकडे लायसन कुणाला लागतं? फिजिओथेरपिस्टला. त्यासाठी २००२ च्या अधिनियमाखाली महाराष्ट्र राज्य व्यवसायोपचार व भौतिकोपचार परिषद आहे. पदवी घ्यायची, परिषदेकडे नोंदणी करायची आणि मुदत संपली की ती नव्याने करायची. पंचकर्म करणाऱ्या वैद्यांची नोंदणी महाराष्ट्र भारतीय वैद्यक परिषदेकडे असते, आणि तिथे अभ्यंग करणारे मदतनीस वैद्यांच्या देखरेखीखाली काम करतात. केंद्राने २०२१ साली संलग्न आरोग्य व्यवसायांसाठी वेगळा कायदा केला. त्यात फिजिओथेरपी आहे, आहारशास्त्र आहे, प्रयोगशाळा तंत्रज्ञ आहेत. साधी मालिश त्या यादीत नाही. म्हणजे तेल लावणं, अंग चेपणं, डोकं चोळणं हा खुला व्यवसाय आहे. रोगावर इलाज करतो म्हणणं हा खुला व्यवसाय नाही. ही रेषा लक्षात ठेवली की पुढचं सगळं सोपं होतं.

आता खोली घेऊन बसायचं, तर कागद कोणते?

भाडेकरारापासून सुरुवात करा, कारण खरा खर्च तिथेच आहे. महाराष्ट्रात लीव्ह अँड लायसन्स करार नोंदवणं बंधनकारक आहे. १९९९ च्या भाडेनियंत्रण कायद्याचं कलम ५५ तेच सांगतं. मुद्रांक शुल्क ०.२५ टक्के. ते कशावर, ते समजून घ्या, म्हणजे एजंट फुगवून सांगणार नाही. समजा, भाडं महिना १५,०००, करार ३ वर्षांचा, अनामत ६०,०००. छत्तीस महिन्यांचं भाडं झालं ५,४०,०००. परत मिळणाऱ्या अनामतीवर वर्षाला १० टक्के धरतात, तीन वर्षांचे १८,०००. बेरीज ५,५८,०००. तिचे ०.२५ टक्के म्हणजे १,३९५ रुपये. शहरी हद्दीत नोंदणी शुल्क १,००० रुपये. हाताळणीचे थोडे पैसे आणि घरी येऊन अंगठे घेणाऱ्याची मजुरी वेगळी. मजुरी किती, हे आधी ठरवा आणि सरकारी पावती वेगळी मागा. करारात खोलीचा वापर कशासाठी, हे स्वच्छ लिहून घ्या. ‘महिला व बालकांसाठी मालिश केंद्र’ असं लिहिलं की उद्या सोसायटीने किंवा घरमालकाने हरकत घेतली तरी कागद बोलतो.

घरमालक बिचकतात, हे खरं आहे. मसाज म्हटलं की त्यांच्या डोळ्यांपुढे छाप्याच्या बातम्या येतात. त्याचं कारणही कायद्यातच आहे. १९५६ च्या अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायद्यात, माहीत असून जागा देणाऱ्यावरही गुन्हा दाखल होतो. म्हणून मालकाला नावं ठेवू नका. भाडेकरूची माहिती हद्दीतल्या पोलीस ठाण्यात स्वतःहून द्या, पोच घ्या. ही माहिती देणं म्हणजे लायसन नव्हे, आणि त्याचं ‘वार्षिक नूतनीकरण शुल्क’ कुणी मागत असेल तर ते देऊ नका. महापालिकेच्या क्षेत्रीय कार्यालयातही त्या जागेसाठी काही परवानगी लागते का, हे लेखी विचारा. खिडकीवर भरलेल्या प्रत्येक रुपयाची पावती मिळते. पावती न मिळणारा रुपया भरायचा नाही.

दुसरा कागद शॉप अॅक्टचा, आणि इथे लोक सर्वांत जास्त फसतात. पूर्वीच्या १९४८ च्या कायद्यात दुकानाचं लायसन असायचं आणि ते ठरावीक काळाने नव्याने करावं लागायचं. ती सवय आपल्या डोक्यातून गेलेली नाही. महाराष्ट्राचा नवा कायदा १९ डिसेंबर २०१७ पासून लागू आहे. त्यात दहापेक्षा कमी कामगार असतील तर लायसन नाही, फक्त कळवायचं. काम सुरू केल्यापासून ६० दिवसांच्या आत कामगार विभागाला ऑनलाइन सूचना द्यायची, पोच घ्यायची. (दहाची ही रेषा वीसवर न्यायचा निर्णय मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२५ मध्ये घेतला. मावशी आणि भाची दोघीच असल्याने त्यांना दोन्हीकडून फरक पडत नाही.) ऑनलाइन खर्च पंचवीस रुपयांच्या आत. त्या पोचपावतीला मुदत नाही, म्हणून नूतनीकरणही नाही. पत्ता बदलला, काम बंद केलं, तर तेवढं कळवायचं. झेरॉक्सवाल्याकडे बसून फॉर्म भरून घेतलात, तर त्याच्या कष्टाचे शे-दोनशे रुपये देणं रास्त आहे. पण दरवर्षी ‘शॉप अॅक्ट रिन्यू’ म्हणून हजार-दीड हजार मागणाऱ्याला छोट्या व्यावसायिकाने सरळ विचारावं, कुठल्या कलमाखाली?

उद्यम नोंदणी १ जुलै २०२० पासून सुरू आहे. आधार आणि पॅन लागतं, शुल्क शून्य, नूतनीकरण नाही. हुबेहूब सरकारी दिसणारी खासगी संकेतस्थळं यासाठी पैसे घेतात. पत्त्याच्या शेवटी ‘गव्ह डॉट इन’ आहे का, तेवढं पाहा. हा कागद कर्जाला उपयोगी पडतो. मुद्रा योजनेच्या शिशु गटात ५०,००० रुपयांपर्यंत कर्ज तारणाशिवाय मिळतं, आणि दोन मसाज टेबलं, चादरी, गिझर, पडदे एवढं त्यात बसतं.

व्यवसायकर मात्र खरोखरच दरवर्षीचा. स्वतःच्या व्यवसायाची नोंदणी घेतली की वर्षाला २,५०० रुपये, मुदत ३० जून. राज्यघटनेनेच या कराला २,५०० ची मर्यादा घातली आहे, त्याहून जास्त कुणी सांगितलं तर तो कर नाही. वय ६५ च्या वर असेल तर तो लागत नाही. अंध आणि कायमचं अपंगत्व असलेल्यांनाही सूट आहे. हे मुद्दाम सांगते, कारण दृष्टिहीन माणसांच्या बोटांना जी समज असते, तिच्या बळावर मालिशचं काम करणारे लोक आपल्याकडे आहेत, आणि अपंगत्वाचा दाखला कपाटात असूनही माहिती नसल्यामुळे ते हा कर भरत राहतात.

जीएसटी वर्षाची उलाढाल २० लाखांच्या आत असेल तर लागत नाही. महिन्याला दीड लाखाच्या वर धंदा जाऊ लागला की सीएकडे जा. २२ सप्टेंबर २०२५ पासून सलून, योगवर्ग आणि शरीरस्वास्थ्याच्या सेवांवरचा दर १८ वरून ५ टक्क्यांवर आला आहे, खरेदीवरच्या कराची वजावट मात्र मिळत नाही. ग्राहक म्हणून तुम्ही एखाद्या स्पामध्ये गेलात आणि बिलावर अजून १८ टक्के दिसले, तर तिथेच विचारा.

आता प्रशिक्षण. प्रमाणपत्र म्हणजे लायसन नव्हे, तरी त्याला किंमत आहे, विशेषतः भाचीसारख्या नव्या मुलीला. ब्यूटी अँड वेलनेस सेक्टर स्किल कौन्सिलचे स्पा थेरपिस्टचे अभ्यासक्रम राष्ट्रीय कौशल्य चौकटीत बसवलेले आहेत. प्रधानमंत्री कौशल्य विकास योजनेच्या केंद्रात जागा मिळाली तर फी द्यावी लागत नाही. मावशींसारख्या वर्षानुवर्षं काम करणाऱ्यांसाठी ‘पूर्वज्ञानाची मान्यता’ असा मार्ग आहे. वर्ग थोडा, परीक्षा घेऊन हातातलं कसब तपासायचं आणि प्रमाणपत्र द्यायचं. खासगी क्लासला पैसे भरण्याआधी फक्त एक करा: जुन्या विद्यार्थिनीचं प्रमाणपत्र मागा आणि त्यावरचा क्यूआर कोड स्वतःच्या फोनवर स्कॅन करा. सरकारी ‘स्किल इंडिया डिजिटल हब’वर नाव उघडलं तर ठीक. क्लासचीच जाहिरात उघडली, तर तुम्ही कागद विकत घेताय.

मावशींचं कसब मी पाहिलेलं आहे. तेल आधी स्वतःच्या मनगटाच्या आतल्या बाजूला लावून ऊन किती ते बघतात, मग बाळाच्या तळव्यांपासून सुरुवात. बाळाच्या नाका-कानात तेल घालत नाहीत. आजीबाई कितीही आग्रह करोत, “डॉक्टरांना विचारा आधी” म्हणून थांबतात. बाळाला ताप असेल त्या दिवशी नुसतं अंग पुसून परत जातात, पैसे घेत नाहीत. हे त्या अकरा हजारांच्या कार्डावर कुठे लिहिलेलं नव्हतं.

पाटीचाही खर्च धरा, आणि पाटीवरच्या शब्दांचा त्याहून जास्त विचार करा. २०२२ पासून दहापेक्षा कमी कामगार असलेल्या दुकानांनाही मराठी पाटी सक्तीची आहे, आणि मराठी अक्षरं इतर लिपीतल्या अक्षरांपेक्षा लहान चालत नाहीत. ‘लकवा बरा’, ‘लठ्ठपणा हमखास कमी’, ‘संधिवातावर रामबाण तेल’ असलं काही लिहू नका. १९५४ च्या औषधे व जादूटोणा उपचार (आक्षेपार्ह जाहिराती) कायद्यात अशा आजारांची यादीच आहे, आणि त्यावर तेलाची जाहिरात करणं गुन्हा आहे. नोंदणी नसताना ‘डॉक्टर’ किंवा ‘फिजिओ’ लिहिणं तर त्याहून वाईट. मणक्याची तक्रार घेऊन कुणी आलं तर आधी डॉक्टरांकडे पाठवायचं.

सगळं मांडलं तर पहिल्या वर्षाचे सरकारी पैसे असे होतात: मुद्रांक १,३९५, नोंदणी १,०००, शॉप अॅक्ट २५ च्या आत, उद्यम शून्य, व्यवसायकर २,५००. पाच हजारांच्या आत. पुढच्या वर्षी फक्त व्यवसायकर. त्यात आणखी वीस रुपये घालायला मी सगळ्यांनाच सांगते. प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेत २० रुपयांत वर्षभर २ लाखांचा अपघात विमा मिळतो, १८ ते ७० वयाच्या कुणालाही. पैसे दर वर्षी मेअखेर बँक खात्यातून वळते होतात. न्हाणीघराच्या ओल्या फरशीवर तेलकट पायांनी उठबस करणाऱ्या बाईला हे एक नूतनीकरण चुकवून चालणार नाही. ई-श्रम कार्डही काढून ठेवा, ते मोफत आहे, वयाची मर्यादा १६ ते ५९.

ज्यांचे पैसे आधीच गेले आहेत त्यांनी कार्ड फाडू नये. पैसे दिल्याची खूण, फोनवरचे संदेश, कार्डाची दोन्ही बाजूंची झेरॉक्स जपून ठेवावी. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर मराठीत बोलता येतं. तिथे भागलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे शुल्क नाही, वकील सक्तीचा नाही, मात्र तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते. पैसे ऑनलाइन गेले असतील तर आधी १९३० वर फोन, आणि तो लगेच.

रसवंतीपाशी आम्ही बोलत असतानाच मावशींचा फोन वाजला. तोच नंबर. त्यांनी फोन स्पीकरवर टाकला आणि पलीकडच्याला विचारलं, “दादा, हे लायसन कुठल्या कायद्याखाली देता तुम्ही? तेवढा नंबर सांगा, लिहून घेते.” पलीकडून आधी काही आवाज आला नाही. मग “साहेबांना विचारून सांगतो” म्हणाला आणि फोन ठेवला. मावशींनी कार्ड परत पिशवीत, बँकेच्या पासबुकात नीट घालून ठेवलं, आणि मला म्हणाल्या, “चला ताई, आता त्या पाटीवर काय लिहायचं ते सांगा.”