जादूची लेखणी

लेखणी हे दिसावयास अगदी लहान साधन आहे. बोरू असो, टाक असो की पक्ष्याच्या पिसाची लेखणी असो, ती आपण होऊन काहीच लिहीत नाही. मन सांगेल तसा हात चालतो आणि हात चालेल तशी लेखणी चालते. परंतु लेखणीच आपल्या मनाने लिहू लागली तर? अशा लेखण्या असलेली एक अद्भुत सृष्टी इंग्रज लेखिका जे. के. रोलिंग यांनी 'हॅरी पॉटर' या कादंबरीमालेत निर्माण केली आहे. या मालेचे सात ग्रंथ १९९७ ते २००७ या काळात प्रसिद्ध झाले. त्यांचे अनुवाद मराठीतही झाले आहेत.

हॅरी पॉटर हा एक पोरका मुलगा. तो वर्षाचा असतानाच व्होल्डेमॉर्ट नावाच्या दुष्ट जादूगाराने त्याच्या आईवडिलांचा वध केला. पुढे अकराव्या वर्षी हॅरी हॉगवर्ट्स या जादूच्या विद्यालयात दाखल झाला. तेथील विद्यार्थी पिसाची लेखणी दौतीत बुडवून चर्मपत्रावर लिहितात. परीक्षेच्या वेळी त्यांना निराळ्या लेखण्या दिल्या जातात. कोणी नक्कल करू नये म्हणून त्या आधीच मंतरलेल्या असतात. शुद्धलेखनाच्या चुका सुधारणारी लेखणीही त्या सृष्टीत आहे. हॅरीचा मित्र रॉन वीझली याने ती निबंधासाठी वापरली. पण तिच्यातील जादू ओसरत आली होती. निबंधात भलतेच शब्द उमटले. इतकेच नव्हे, तर रॉनचे स्वतःचे नावदेखील तिने चुकीचे लिहिले! अखेर हर्मायनी ग्रेंजर या त्याच्या अभ्यासू मैत्रिणीने तो निबंध नीट करून दिला.

ही झाली गमतीची गोष्ट. परंतु त्या सृष्टीतील साऱ्याच लेखण्या अशा निरुपद्रवी नाहीत.

रीटा स्कीटर ही एका दैनिकाची वार्ताहर होती. तिच्याजवळ झगझगीत हिरव्या रंगाची एक लेखणी होती. चर्मपत्रावर उभी केली, की ती कोणाचा हात न लागता भराभर लिहू लागे. चौदा वर्षांचा हॅरी जादूगारांच्या एका कठीण स्पर्धेत निवडला गेला, तेव्हा रीटाने झाडू ठेवण्याच्या खोलीत नेऊन त्याची मुलाखत घेतली. हॅरीने अडखळत एखादा शब्द उच्चारावा आणि लेखणीने त्यावर वाक्यांमागून वाक्ये रचावीत, असे चालले होते. आईवडिलांचा विषय निघताच त्याचे डोळे पाणावल्याचे तिने लिहून टाकले. हे खरे नाही, असे हॅरीने मोठ्याने बजावले. पण ते ऐकतो कोण? त्याने कधी न उच्चारलेली वाक्ये त्याच्या नावावर छापली गेली आणि शाळेतील टवाळ मुलांना आयतेच निमित्त मिळाले.

दुसरी लेखणी याहूनही भयंकर होती. व्होल्डेमॉर्ट पुन्हा प्रकट झाल्याचे हॅरीने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले होते. जादूगारांच्या सरकारला मात्र ते मान्य करावयाचे नव्हते. त्या सरकारने शाळेत नेमलेल्या अंब्रिज नावाच्या बाईंसमोर हॅरीने भर वर्गात सत्य सांगितले. तेव्हा, खोटे बोलू नये अशा अर्थाचे वाक्य पुनःपुन्हा लिहिण्याची शिक्षा त्याला झाली. त्यासाठी त्यांनी त्याला काळी, बारीक व अणकुचीदार लेखणी दिली. शाई दिली नाही. तो लिहू लागताच चर्मपत्रावर तांबडी अक्षरे उमटली, आणि तीच अक्षरे त्याच्या हाताच्या पाठीवर कोरली गेली. ती शाई म्हणजे त्याचेच रक्त होते. ही शिक्षा रात्रीमागून रात्री चालली. बाईंसमोर हॅरीने ब्र काढला नाही; परंतु त्याच्या हातावर व्रण राहिला. मुलगा खरे बोलत होता आणि शिक्षा मात्र खोटेपणाची भोगत होता!

अशा वेळी हर्मायनीने एक युक्ती योजली. रीटा बेकायदा रीतीने भुंग्याचे रूप घेऊन लोकांची गुपिते ऐकते, हे तिने पूर्वीच शोधून काढले होते. ते उघड करण्याचा धाक घालून तिने रीटाला बोलावून घेतले आणि हॅरी सांगेल तीच हकीकत लिहिण्यास भाग पाडले. तीच वार्ताहर, तीच हिरवी लेखणी. पण या वेळी सत्य लिहिले गेले. ती मुलाखत 'क्विब्लर' नावाच्या एका मासिकात छापून आली. ज्याच्याजवळ तो अंक सापडेल त्याला शाळेतून काढून टाकण्यात येईल, असा हुकूम अंब्रिजबाईंनी सोडला. परिणाम उलटाच झाला! बंदी आली म्हणूनच साऱ्या शाळेने तो अंक लपूनछपून वाचला. हॅरीला खोटा ठरविणाऱ्या एका वर्गमित्राने आपला त्याच्यावर विश्वास बसल्याचे त्याला येऊन सांगितले.

रीटाची लेखणी दोन्ही वेळा एकच होती. तिच्याकडून काय लिहवून घ्यावे, हे ठरविणारी बुद्धी मात्र निराळी होती. मग साध्या लेखणीत जादू नाही, असे कोणी म्हणावे? वर्गातील एखाद्या मुलाविषयी चिठ्ठीवर लिहिलेली खोटी ओळ त्याला दिवसचे दिवस रडवू शकते, आणि धैर्याने लिहिलेली खरी ओळ त्याच्यावरील आळ दूर करू शकते. ही शक्ती प्रत्येक विद्यार्थ्याच्या दप्तरात असते.

शब्दार्थ
चर्मपत्र – लिहिण्यासाठी कमावलेले पातळ कातडे. निरुपद्रवी – त्रास न देणारी. ब्र न काढणे – एक शब्दही न बोलणे. आळ – खोटा आरोप.

अभ्यास
१. रॉनच्या निबंधाची फजिती कशी झाली?
२. हॅरीला झालेली शिक्षा अन्यायाची का होती?
३. 'क्विब्लर'वरील बंदीचा परिणाम उलटा का झाला?
४. रीटाने दुसऱ्या वेळी सत्य लिहिले, पण ते धाकाने. तिला सत्यनिष्ठ म्हणता येईल काय? कारणे देऊन दहा ओळी लिहा.